जिथे ‘माझे’ म्हणायची सोय नाही



दिवाळीच्या सुटीत नात आली होती. पुण्याला शिकते. जाताना तिने एक जाडजूड इंग्रजी पुस्तक माझ्या मांडीवर ठेवले आणि म्हणाली, “आजोबा, हे वाचाच. यातसुद्धा दुष्काळ आहे, तुम्ही सांगता तसला.” मी उलटसुलट करून पाहिले. गोष्ट चंद्रावरची! म्हटले, पोरी, चंद्रावर कसला आलाय दुष्काळ, तिथे पाऊसच नाही. ती हसली आणि एस.टी.त बसून निघून गेली.

आमच्याकडे यंदा शेतीची वीज रात्रीची आहे. गव्हाला पाणी द्यायचे म्हणजे मोटर चालू करून विहिरीवर बसून राहायचे. शेजारी बॅटरी, शब्दकोश आणि हे पुस्तक, असा दोन महिने उद्योग चालला. इंग्रजी आमचे जेमतेम, तेव्हा पानाला पाच-सात शब्द तरी शोधावे लागत. पण अर्ध्यावर आल्यावर एका रात्री असे झाले की सरी भरून पाणी बांधाबाहेर गेले तरी मला पत्ता नाही. सकाळी मुलगा बोलला, तो बोलणारच. पण काय वाचत होतो ते त्याला सांगता येईना, म्हणून आज तुम्हाला सांगतो.

लिहिणाऱ्या बाईंचे नाव अर्सुला ले ग्विन. अमेरिकेतल्या. १९२९ साली जन्मल्या, २०१८ च्या जानेवारीत गेल्या. त्यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे मानववंशशास्त्राचे मोठे पंडित. तिथल्या मूळ रहिवाशांच्या बोली आणि चालीरीती गोळा करण्यात त्यांची हयात गेली. त्यामुळे दुसऱ्या माणसांची जगण्याची रीत कशी असू शकते, हे बाईंनी लहानपणापासून घरातच ऐकलेले. पुढे त्या स्वतःच नवी जगे रचू लागल्या. जादूगारांच्या बेटांच्या त्यांच्या गोष्टी मुलांत फार चालतात म्हणे. मी वाचले ते पुस्तक १९७४ साली निघाले. नाव ‘द डिस्पझेस्ड’. म्हणजे, ज्यांच्यापाशी आपले म्हणावे असे काही नाही ती माणसे. तिकडच्या या जातीच्या कादंबऱ्यांना जे दोन मोठे मान मिळतात, ह्यूगो आणि नेब्युला, ते दोन्ही या पुस्तकाला मिळाले.

आता गोष्ट. दोन ग्रह आहेत, जुळ्या भावंडांसारखे. हा त्याचा चंद्र, तो याचा चंद्र. एकाचे नाव उरास. तिथे नद्या, अरण्ये, काळी जमीन, मोठाली शहरे, राजवाडे, पैसा, सैन्य, कारखाने. थोडक्यात आपल्या पृथ्वीसारखेच सगळे. दुसरा अनारेस. उघडाबोडका, धुळीचा. जनावर नाही, पाखरू नाही. समुद्रात मासे तेवढे आहेत. झाड म्हणावे असे एकच, होलम नावाचे. त्याच झाडावर सगळा संसार. खायला तेच, कापडाला तेच, कागदालाही तेच.

आता या ओसाड ग्रहावर माणूस राहायला जाईल कशाला? त्याचे कारण ओडो नावाची एक बाई. ही उरासवरची. सत्तेविरुद्ध बोलली, लिहिले, म्हणून नऊ वर्षे किल्ल्यातल्या तुरुंगात काढली. तिथूनच पत्रे लिहिली. तिचे म्हणणे असे की माणसाला माणसावर हुकूम चालवण्याचा अधिकारच नाही. राजाला नाही, सरकारला नाही, मालकाला नाही आणि बहुमतालाही नाही. कायदा नको, पोलीस नको, तुरुंग नको, मालकी नको. काम करायचे ते आपणहून, आणि असेल ते वाटून खायचे. तिच्या माघारी तिच्या माणसांनी असे बंड उभे केले की उरासच्या सरकारांना ते आवरेना. तेव्हा त्यांनी तोड काढली. तुम्हाला चंद्र देतो, तिकडे जा आणि तुमच्या मनासारखे राहा, पण आमची पाठ सोडा. वीस वर्षांत दहा लाख माणसे तिकडे गेली. ओडो स्वतः मात्र ती भूमी न बघताच वारली. गोष्ट सुरू होते ती या स्थलांतरानंतर साधारण पावणेदोनशे वर्षांनी.

एक खुलासा करून पुढे जातो. आपण ‘अराजक’ म्हटले की दंगल, लूटमार, बेबंदशाही डोळ्यांपुढे येते. ओडोचा पंथ तसला नाही. आपले जुने विचारवंत ज्याला अराज्यवाद म्हणत, म्हणजे राज्य नसले तरी माणसे नीट राहतील ही श्रद्धा, ती ही गोष्ट. बाईंनी स्वतःच सांगून ठेवले आहे की ओडोचा विचार त्यांनी हवेतून काढला नाही. पीटर क्रोपॉटकिन नावाचा एक रशियन सरदारपुत्र होऊन गेला, १८४२ सालचा. सायबेरियात लष्करी अधिकारी म्हणून हिंडताना त्याने पाहिले की कडाक्याच्या थंडीत जनावरेसुद्धा एकमेकांशी भांडून नव्हे, तर एकमेकांना धरून जगतात. पुढे तुरुंगात गेला, तिथून पळाला आणि परदेशात राहून १९०२ साली परस्परसाहाय्यावर एक ग्रंथ लिहिला. त्यात मुंग्यांपासून खेड्यातल्या शेतकऱ्यांपर्यंत सगळ्यांचे दाखले आहेत. आपण इर्जिक घालतो, सावडीने पेरतो, तसल्याच रीती त्याने युरोपातल्या खेड्यांतून गोळा केल्या. ले ग्विनबाईंना हा माणूस वाचल्यावर आपले कोणी भेटल्यासारखे वाटले.

पण नुसता विचार सांगितला असता तर मी विहिरीवर बसून दोन महिने वाचले नसते. बाईंनी केले काय, तर तो विचार जमिनीवर उतरवला. रोज सकाळी उठून माणसे काय करतात, ते दाखवले.

जन्मलेल्या प्रत्येक मुलाला तिथे यंत्र नाव देते. पाच-सहा अक्षरांचे, आणि त्या वेळी जिवंत असलेल्या दुसऱ्या कुणाचेही नसलेले. आडनाव नाही, म्हणजे कूळ नाही, जात नाही, बापाची इस्टेटही नाही. भाषासुद्धा त्यांनी नवी घडवली. तिच्यात ‘माझे-तुझे’ जवळजवळ नाहीच. पोर ‘माझी आई’ म्हणत नाही, नुसते ‘आई’ म्हणते. ‘माझा रुमाल’ नाही, ‘मी वापरतो तो रुमाल’. काम आणि खेळ यांना एकच शब्द आहे. आणि ‘मालकीवाला’ ही तिथली वाईटातली वाईट शिवी.

दर दहाव्या दिवशी प्रत्येकाने गावाचे घाण काम करायचे. मैला काढणे, कचरा उचलणे, मढे पुरण्यासाठी खड्डा खणणे. विद्वान असो की गवंडी, कुणाची सुटका नाही. ही घाणकामाची पाळी वाचून मला फार बरे वाटले. आपल्याकडे ज्या कामाला पिढ्यान् पिढ्या एकाच आळीतली माणसे धरून बसवली, ते काम तिथे सगळे गाव वाटून घेते.

बाकीच्या कामांसाठी एक कचेरी आहे. ती कुठे माणूस हवा आहे ते सांगते, पण जाच असे म्हणू शकत नाही. नाही म्हणायची प्रत्येकाला मुभा आहे. मग कुणी अजिबात कामच केले नाही तर? आमच्या घरातूनही हाच प्रश्न आला. मी संध्याकाळी ओट्यावर बसून थोडेथोडे सांगत असे आणि ही तांदूळ निवडता निवडता ऐके. म्हणाली, “अहो, मग आळशी माणसाचं काय करतात?” म्हटले, अगं, काही करत नाहीत. लोक थट्टा करतात, जेवताना टोमणे मारतात. मग तो गाव बदलतो. “म्हणजे आपल्यासारखंच की,” ती म्हणाली.

मुले मात्र जरा मोठी झाली की वसतिगृहात झोपतात. हे ऐकून तिने सूप खालीच ठेवले. “आणि आईनं काय करायचं?” मी सांगितले की आई आपले काम करते. पुरुष जे करतो ते सगळे तिथे बाई करते, विज्ञानाचा शोध लावते, खाणीत उतरते. लग्नाचा कायदा नाही. दोघांना एकत्र राहायचे असेल तर राहतात, आणि पुष्कळ जण जन्मभर राहतात. स्वयंपाक सार्वजनिक भटारखान्यात. ती जरा विचारात पडली. मग म्हणाली, “भटारखाना चालेल. पण पोरं नाही देणार.” पुस्तकातल्या बायका-पुरुषांनाही हे जड जाते, ते पुढे येईलच.

ओडोचे एक वचन मला आपले शेतकऱ्याचे डोके वापरून तपासावेसे वाटले. ती म्हणते, गरजेपेक्षा जास्त ते सगळे मलासारखे, अंगात साठले की विष होते. गोष्ट खरी. पण आपल्याकडे शेणाला आणि मैल्याला आपण सोने म्हणतो! उकिरड्यावर वर्षभर कुजवले की शेताला तेच लागते. म्हणजे ओडोबाईंना शेतीचा फारसा अनुभव नसावा, असे मी लिहून ठेवले. असो. तिच्या म्हणण्यातला दम याने कमी होत नाही.

या जगात शेवेक नावाचा मुलगा वाढतो. पुढे तो फार मोठा शास्त्रज्ञ होतो. पण त्याची पहिली ओळख होते ती रांगत्या वयातली. खिडकीतून उन्हाचा चौकोन जमिनीवर पडलेला आहे, त्यात दोन पोरे बसली आहेत. त्यातला एक दुसऱ्याला ढकलतो आणि म्हणतो, ऊन माझे! लगेच सांभाळणारी बाई सांगते की इथे कुणाचे काही नसते, वाटून घ्यायचे नसेल तर वापरता येणार नाही. आणि त्याला उचलून उन्हाबाहेर ठेवते. पोरगे रडरड रडते. तोच शेवेक. मला वाटले, बाई बरोबर बोलली, पण उचलले कशाला? हुकूम चालवायचा नाही हे शिकवायलाही तिथे एक हुकूम लागलाच.

बाईंच्या लेखणीची खरी गंमत इथेच आहे. हे जग त्यांच्या आवडीचे आहे हे पानोपानी कळते, तरी त्या त्याची आरती ओवाळत नाहीत. शेवेक दहा-बारा वर्षांचा असताना त्याच्या टोळीतल्या मुलांना इतिहासाच्या तासाला कळते की उरासवर तुरुंग नावाची एक वस्तू असते. त्यांनी तो कधी पाहिलेला नाही. मग खेळ सुचतो. शाळेच्या इमारतीखाली एक अंधारी खोपट आहे. एक मुलगा हौसेने म्हणतो, मला कोंडा. ते कोंडतात. आधी थोडा वेळ, मग जास्त, शेवटी पार दुसऱ्या दिवसापर्यंत. दार उघडतात तेव्हा ते पोर अंधारात, स्वतःच्या घाणीत बसलेले. शेवेकला त्या रात्री उलट्या होतात. ज्या भूमीत तुरुंगच नाही, तिथल्या पोरांनी चार वाशांचा तुरुंग केला आणि त्यांना तो आवडला.

मोठेपणीही तेच, फक्त वाशांऐवजी दुसरे काही. शेवेक राजधानीच्या गावी संशोधनाला जातो. तिथे साबुल नावाचा एक थोराड विद्वान आहे. त्याला पद नाही, कारण पद तिथे कुणालाच नाही. पण कुणाचे लिखाण छापायचे आणि कुणाचे नाही हे साबुल ठरवतो. शेवेकच्या शोधावर तो आपलेही नाव घालायला लावतो. आता अशा माणसाला पाडणार कसे? खुर्ची असती तर तिच्यावरून ओढला असता. निवडणूक असती तर पाडला असता. नसलेली खुर्ची कुणी कशी काढून घ्यावी? हे वाचताना आपल्या गावागावांतल्या सोसायट्या, पतपेढ्या आणि देवस्थानच्या पंचमंडळी माझ्या डोळ्यांपुढून गेल्या. पदावर नसलेला एक माणूस सगळीकडे असतोच. सभेत तो मागे बसतो, आणि ठराव मात्र त्याच्याच मनाचा होतो.

शेवेकचा एक मित्र तिरिन. विनोदी, नाटक लिहिणारा. त्याने एक थट्टेचे नाटक लिहिले आणि लोकांना ते खपले नाही. शिक्षा कुणी केली नाही, कारण शिक्षा तिथे नसतेच. फक्त सगळ्यांसमोर त्याला चांगले सुनावले. मग रस्ते दुरुस्तीच्या कामावर पाठवले. नाही म्हणायची मुभा त्यालाही होतीच. पण सगळे गाव तोंड फिरवून बसले की ती मुभा काय कामाची? शेवटी तो वेड्यांच्या आश्रमात गेला आणि तिथे बसून तेच एक नाटक पुन्हा पुन्हा लिहीत राहिला. ज्या बाईने सरकारविरुद्ध लिहिले म्हणून नऊ वर्षे कोठडीत काढली, तिच्याच नावाने चाललेल्या राज्यात, चुकलो, राज्य नसलेल्या भूमीत हे घडले.

आता दुष्काळाकडे येतो. नातीने पुस्तक दिले ते त्यासाठीच.

अनारेसवर चार वर्षे पाऊस नीट होत नाही. शेवेकची बायको, म्हणजे सोबतीण, ताकव्हेर. ती माशांचा अभ्यास करते. दोघांना एक तान्ही मुलगी. दुष्काळाच्या कामासाठी हिला एकीकडे पाठवतात, तो दुसरीकडे जातो. चार वर्षे भेट नाही. जबरदस्ती कुणीच केलेली नाही. पण सगळीकडे गरज असताना नाही कसे म्हणायचे? एके ठिकाणी प्रवाशांनी भरलेली आगगाडी एका लहान गावाशी अडकून पडते. गाडीत खायला काही नाही. गावात थोडेफार आहे. गावकरी दारे लावून आत बसतात. ‘माझे’ म्हणायला तिथे शब्द नव्हता, पण ‘आमचे’ हा शब्द त्यांना कुठून तरी सापडला.

शेवेकला पुढे एका गिरणीच्या गावी कामाची नोंद ठेवायला बसवतात. नियम असा की जो पुरे काम करतो त्याला पुरा शिधा. जो आजारी, म्हातारा, अशक्त, त्याला अर्धा. आता अर्ध्या शिध्यावर अशक्त माणसाला शक्ती येणार कुठून? शक्ती नाही म्हणून काम नाही, काम नाही म्हणून अन्न नाही. कुणाचे नाव कुठल्या यादीत घालायचे ते शेवेकने ठरवायचे. याद्या करणाऱ्याला स्वतःला त्या अशक्तांपेक्षा बरा शिधा. काही दिवस त्याने हे केले आणि सोडून दिले. धुळीच्या मुलखात अंगमेहनतीच्या कामाला निघून गेला. पुढे बायकोला भेटल्यावर हे सांगताना तो म्हणतो की मी सोडले तरी त्या गिरणीत याद्या थांबल्या नाहीत, दुसरा कुणीतरी बसला. याद्या करायला कुणी ना कुणी मिळतोच.

मी पुस्तक मिटले. मोटर चालू होती ती चालूच राहिली, मघा सांगितले ते सरीतले पाणी त्याच रात्री बाहेर गेले.

१९७२ साली मी एकोणीस वर्षांचा होतो. मॅट्रिक झालेला, अक्षर बरे. आमच्या भागात दुष्काळी काम निघाले, खडी फोडायचे. अर्धे गाव त्या माळावर उन्हात बसलेले, बाया-बापे, कडेवरची पोरे दगडाच्या आडोशाला. मला हजेरीपट लिहायला बसवले, कारण मला लिहिता येत होते. पगार मापावर. दिवसभरात किती खडी फोडली, ढीग मोजायचा, तेवढे पैसे. तरण्या माणसाचा ढीग मोठा, म्हाताऱ्याचा ओंजळभर. मी ढिगापुढे आकडा लिहायचो. हुकूम वरून होता, तो कुणी दिला ते सांगून आता काही उपयोग नाही, आणि देणाऱ्यालाही तो वरूनच आला असणार.

एक म्हातारी होती. नाव लिहीत नाही, तिची नातवंडे तालुक्यात आहेत. आठवड्याला तिचा आकडा उतरत गेला. लाल मिलोची भाकरी आणि मिळेल ती सुकडी यावर ती दगड फोडत होती. घरी दोन लहान नातवंडे, सुकडीतली निम्मी ती पदराला बांधून नेई. एकदा मी वाढवून लिहिले. मुकादमाने ढीग आणि आकडा ताडून पाहिला आणि मला चार लोकांत बोलला, पुन्हा असे झाले तर तुझ्या जागी दुसरा बसवीन. त्यानंतर मी बरोबर आकडे लिहिले. सावलीत बसून, पूर्ण हंगाम. महिनाभराने ती म्हातारी कामावर यायची थांबली आणि मी तिच्या नावापुढे गैरहजर लिहिले.

शेवेकने ते काम सोडले. मी सोडले नाही. सोडले असते तर घरी माझ्या आईचे काय झाले असते, हा हिशेब मी तेव्हाही केला होता आणि परवा रात्री विहिरीवरही केला. दोन्ही वेळा उत्तर तेच आले, पण झोप काही लागली नाही. हे मी आजवर कुणाला सांगितले नव्हते. हिलासुद्धा परवाच सांगितले. ती काही बोलली नाही, चहा करून आणला.

पुस्तकाचे उरलेले थोडक्यात सांगतो, कारण निम्मे पुस्तक उरासवर घडते आणि तो भाग मला तितका रुचला नाही. शेवेक पावणेदोनशे वर्षांत पहिल्यांदा अनारेस सोडून उरासला जातो. आपला शोध दोन्ही जगांचा व्हावा म्हणून. तिथे त्याला आलिशान खोली मिळते, नोकर मिळतो, मेजवान्या मिळतात. हळूहळू त्याच्या ध्यानात येते की हे त्याला विकत घेत आहेत. नोकर एके दिवशी बोलता होतो आणि गरिबांच्या दवाखान्याची हकीकत सांगतो. मग मोर्चा, त्यावर हवेतून गोळीबार, शेवेकचे लपणे, पळणे. अखेर तो आपला शोध कुणा एका सरकारला न देता सगळ्यांना फुकट देऊन टाकतो आणि मोकळ्या हाताने परत निघतो.

पण उरासला जाण्याआधी घडलेला एक प्रसंग सांगितल्याशिवाय मला थांबवत नाही. शेवेकने उरासशी बोलणे सुरू केले म्हणून अनारेसवरचे लोक त्याच्यावर चिडलेले असतात. सभेत त्याच्याविरुद्ध सगळ्यात कडक बोलते ती त्याची जन्मदाती, जिने त्याला लहानपणीच बापापाशी ठेवून राजधानीचे काम पत्करले होते. आणि त्याची मुलगी सादिक, जेमतेम दहा वर्षांची, एका रात्री बापाला विचारते, मी वसतिगृहात नको, तुमच्या खोलीत झोपू का? कारण विचारले तर सांगत नाही. मग हळूच सांगते की मुले आम्हाला फितूर म्हणतात. तो तिला पोटाशी धरतो. पोलीस नाही, तुरुंग नाही, राजा नाही, तरी दहा वर्षांच्या पोरीला रात्री झोपायची भीती वाटते, ती चार पोरांच्या बोलण्याची. शेवेकला ‘माझी पोर’ म्हणायला भाषेत जागा नव्हती, पण त्याने तिला धरले ते तसेच धरले, असे मला वाटले. हिला हा भाग वाचून दाखवला तेव्हा तिने विचारले, “मग घरी ठेवून घेतलं ना तिला?” म्हटले, घेतले. “बरं केलं,” ती म्हणाली.

ओडोवर बाईंची एक वेगळी छोटी गोष्टही आहे, त्याच १९७४ सालची. नातीने तीही पाठवून दिली. बंडाच्या आदल्या दिवशीची म्हातारी ओडो तिच्यात आहे. अर्धांगाचा झटका येऊन गेलेला, पाय ओढत चालते. तरुण पोरे तिच्याकडे देवाकडे बघावे तशी बघतात आणि तिला त्याचा कंटाळा आलेला. जिने जन्मभर सांगितले की कुणापुढे वाकू नका, तिच्यापुढेच लोक वाकू लागले आहेत. हातून घडू नये ते पुढ्यात घडताना पाहत ती जिना चढते. मोठ्या पुस्तकापेक्षा मला ही गोष्ट काकणभर सरस वाटली. ज्यांना इंग्रजी वाचता येते त्यांनी हिच्यापासून सुरुवात करावी. पाने थोडी आहेत, शब्दकोश कमी लागेल.

म्हातारपणी, २०१४ साली, ले ग्विनबाईंना एक मोठे पदक मिळाले. त्या वेळच्या भाषणात त्या म्हणाल्या की पैशाची सत्ता आज अटळ वाटते, पण एके काळी राजांचा देवदत्त अधिकारही असाच अटळ वाटत होता. हे त्या बोलल्या ते पुस्तके विकणाऱ्या बड्या धंदेवाल्यांसमोर, त्यांच्याच मेजवानीत. बाई शेवटपर्यंत वाकड्या वाटेने गेल्याच म्हणायच्या.

परवा नातीचा फोन आला. “आजोबा, संपलं का पुस्तक?” म्हटले, संपले. “आवडलं?” मी तिला म्हटले, दोनशे शब्दांचे अर्थ अडलेत, ते उन्हाळ्यात आलीस की सांग. आणि याद्यांच्या पानात मी ज्वारीचे एक पान खुणेला घातले आहे, ते काढू नकोस.

गव्हाला आणखी दोन पाण्यांची गरज आहे. आज वीज रात्री बारानंतर येणार आहे म्हणतात.